हे आमच्याकडे नाही

बँकेतली मुलगी फार गोड होती हो. तिने दोनदा सॉरी म्हटलं, काकूंना पाणी आणून दिलं, डेथ सर्टिफिकेटची कॉपी काढून घेतली आणि मग अगदी हळू आवाजात म्हणाली की हे पुरणार नाही, शॉर्ट सर्टिफिकेट लागेल.

मी काकूंकडे बघितलं, काकूंनी माझ्याकडे. आमच्या फाइलीत डेथ सर्टिफिकेटच्या चांगल्या दहा प्रती होत्या. फ्युनरल होमवाल्यानेच सांगितलं होतं की जास्तीच्या मागवून ठेवा, एकेक वीस डॉलरला पडते पण नंतरचे हेलपाटे वाचतात, म्हणून दहा. आणि आता ही म्हणते शॉर्ट पाहिजे. मला आपलं वाटलं, काही ठिकाणी जन्मदाखल्याचा एक मोठा नमुना असतो आणि एक छोटा, तसंच मरणाचंही असेल. पण मोठा दाखवला तर चालत नाही, छोटाच हवा, हा काय प्रकार? कुठे मिळतं विचारलं तर म्हणाली कोर्टहाऊसमध्ये. कुठल्या खात्यात? ते तिला माहीत नव्हतं. कोर्टहाऊसला फोन करा, ते सांगतील.

ते सांगतील. या दोन शब्दांवर पुढचे नऊ दिवस गेले.

आधी थोडं मागचं सांगते. आम्ही अमेरिकेत पेनसिल्व्हेनियात राहतो, या राज्यात ६७ काउंट्या आहेत. काउंटी म्हणजे आपला जिल्हा असं मी घरी सगळ्यांना सांगत आले, पण ते तितकंसं बरोबर नाही, आकाराने कधी तालुका वाटतो आणि कारभाराने कधी जिल्हा. प्रत्येक काउंटीला एक गाव मुख्य, त्या गावात मधोमध कोर्टहाऊस, बाहेर तोफ नाहीतर सैनिकाचा पुतळा, आणि आत फक्त जज्ज आणि वकील नाहीत तर जमिनीचे कागद, लग्नाची लायसन्स, मृत्युपत्रं, घटस्फोट, फौजदारी खटले, सगळं. काही काउंट्यांत एकाच इमारतीत, काही ठिकाणी रस्त्यापलीकडे दुसऱ्या इमारतीत, पण लोक सगळ्याला मिळून कोर्टहाऊसच म्हणतात. आपल्याकडे 'कचेरीत जाऊन येतो' म्हणतात ना, तसं.

काका-काकू आमचे कोणी नातेवाईक नाहीत. पण परदेशात काका-काकू कसे होतात हे ज्याला माहीत आहे त्याला वेगळं सांगायला नको. मी बारा वर्षांपूर्वी इथे आले तेव्हा पहिल्या हिवाळ्यात बर्फ ढकलायचं फावडं काकांनी दिलं होतं. ते १९७४ साली आलेले, पोलादाच्या कारखान्यात इंजिनियर, आणि आमच्या मंडळाचे तहहयात यादीकार. म्हणजे असं पद नव्हतं, पण गणपतीच्या जेवणाला कोण काय आणणार ती यादी कायम त्यांच्या हाताची. आम्ही सगळे गूगल शीटवर गेलो तरी ते कागदावर लिहायचे, मग त्या कागदाचा फोटो ग्रुपवर पडायचा. 'श्रीखंड ४ ट्रे, कोशिंबीर (कमी तिखट) २ ट्रे.' अक्षर असं की छापल्यासारखं, आणि ळ ला खाली एक जादाची गाठ. वर्गणीच्या पावत्यांवर सही पण मराठीत करायचे. बँकेत इंग्रजी, मंडळात मराठी, असा त्यांचा नियमच होता. ही सही पुढे येणार आहे.

मार्चमध्ये ते गेले. मुलगी कॅलिफोर्नियात, ती आली, पंधरा दिवस राहिली, तिला परत जावंच लागलं. मग कागदांचं माझ्याकडे आलं, कारण माझं काम घरून चालतं आणि, खरं सांगायचं तर, मला वाटलं दोन फोनचं काम आहे.

पहिला फोन चुकीच्या काउंटीला केला. काका ज्या हॉस्पिटलमध्ये गेले ते शेजारच्या काउंटीत आहे, डेथ सर्टिफिकेटवर त्या काउंटीचं नाव ठळक, मग मी तिथलंच कोर्टहाऊस शोधलं. पंचवीस मिनिटं होल्डवर. शेवटी एका बाईने विचारलं की ते राहायला कुठे होते. मी सांगितलं. मग तुमची काउंटी ती, हे आमच्याकडे नाही. मरण कुठे आलं याला इथे काही किंमत नाही, माणूस राहत कुठे होता ते बघतात. बरोबरच आहे म्हणा.

दुसरा फोन आमच्या काउंटीला. मुख्य नंबर, मशीन, फौजदारीसाठी हे दाबा, ज्युरीसाठी ते दाबा, आणि त्या पर्यायांमध्ये 'नवरा गेलाय आणि बँक पैसे देत नाही' असा पर्याय कुठेच नाही. मी शेवटी शून्य दाबलं. ऑपरेटरला सांगितलं, कोर्टाचं सर्टिफिकेट पाहिजे. आता बघा, मी 'कोर्टाचं सर्टिफिकेट' म्हणाले, तिने इमानदारीत मला क्लार्क ऑफ कोर्ट्सकडे जोडून दिलं. नाव ऐकून मलाही वाटलं की हेच असणार, कोर्टांचा कारकून, याच्याहून मोठं काय असतं? तिकडून प्रश्न आला, डिफेंडंटचं, म्हणजे आरोपीचं, नाव? मी आपलं काकांचं नाव दिलं, एकेक अक्षर फोडून. टायपिंगचा आवाज. या नावाने आमच्याकडे काही नाही. काकू शेजारीच बसल्या होत्या, फोन स्पीकरवर, त्या चटकन म्हणाल्या, "नसणारच. त्यांनी आयुष्यात साधा पार्किंगचा दंड भरला नाही."

कारण क्लार्क ऑफ कोर्ट्स म्हणजे पेनसिल्व्हेनियात फक्त फौजदारी. हे नंतर कळलं.

तिथून पुढे ढकललं प्रोथोनोटरीकडे. हा शब्द मी पहिल्यांदा ऐकला तेव्हा मला वाटलं कुठल्यातरी औषधाचं नाव आहे. काकूंना 'प्रथम नोटरी' असं ऐकू आलं आणि गंमत म्हणजे अर्थ तोच निघाला, ग्रीक प्रोटोस म्हणजे पहिला आणि पुढचं नोटरी म्हणजे लिहिणारा, पहिला कारकून. दिवाणी दावे, घटस्फोट, नाव बदलणे, हे त्यांच्याकडे. तिथल्या माणसाने घाईघाईत विचारलं, डिव्होर्स की नेम चेंज? मी म्हणलं, दोन्ही नाही, माणूस गेलाय. दोन सेकंद शांतता. मग तो म्हणाला थांबा, आणि लाइन कट झाली. मुद्दाम नसेल कापली. पण त्या दिवशी मी परत फोन केला नाही, साडेचार वाजले होते आणि कोर्टहाऊस साडेचारला बंद होतं म्हणजे बंद होतं.

रात्री साताऱ्याला फोन लावला. तिथे सकाळ, अण्णांचा चहा झालेला. माझे वडील महसूल खात्यात होते, वाई, कोरेगाव, पाटण असं करत करत तहसील कचेरीतून अव्वल कारकून म्हणून रिटायर झाले. त्यांना मी सहसा इथल्या कटकटी सांगत नाही कारण मग ते दर दोन दिवसांनी विचारत राहतात, पण त्या दिवशी सांगितलं. प्रोथोनोटरी म्हणल्यावर मला वाटलं हसतील. तर म्हणाले, "अगं मुंबई हायकोर्टात आहे की ते पद. प्रोथोनोटरी अँड सीनियर मास्टर. आमच्याकडं एका प्रकरणात पत्र आलं होतं त्यांच्या सहीचं." मी गूगल केलं, खरंच आहे. मी या जगाच्या टोकाला येऊन जो शब्द शिकले तो अण्णांना साताऱ्यात बसून माहीत.

मग ते म्हणाले, तू विचारतेस काय लोकांना?

मी म्हणलं, शॉर्ट सर्टिफिकेटचं डिपार्टमेंट कुठलं ते.

"तिथंच चुकतंय तुझं. डिपार्टमेंट कुठलं ते कुणालाच माहीत नसतं, त्या डिपार्टमेंटच्या साहेबाला पण नसतं. माणूस मेल्यावर त्याच्या मागचं कोणाकडं गेलं ही नोंद कुठल्या वहीत होती ते विचार. वही ज्याच्या ताब्यात, दाखला त्याच्याकडं."

आणि मग एक बाई आठवली त्यांना, पाटणच्या डोंगराकडची. तिचा नवरा गेला, थोडी जमीन आणि सोसायटीत थोडे पैसे. कोणीतरी सांगितलं वारस दाखला आण. ती तलाठ्याकडे गेली, तिथे वारसाची नोंद होते, नमुना ६क च्या रजिस्टरला, मग फेरफार, मग पंधरा दिवसांची नोटीस, मग मंडळ अधिकारी प्रमाणित करणार, मग सातबाऱ्यावर नाव. ते सगळं तिने केलं आणि तो कागद घेऊन सोसायटीत गेली, ते म्हणाले हा नव्हे, कोर्टाचा. कोर्टात वकील म्हणाला की वारस प्रमाणपत्र पाहिजे का सक्सेशन सर्टिफिकेट, एक १८२७ च्या मुंबईच्या रेग्युलेशनखाली मिळतं आणि दुसरं १९२५ च्या कायद्याखाली, येणं आणि रोखे असतील तर दुसरं. ती बाई परत अण्णांच्या टेबलापुढे येऊन उभी राहिली आणि म्हणाली, साहेब, नवरा एकच मेलाय. कागद किती?

अण्णा म्हणतात, तीन कागद होते आणि लोकांच्या तोंडी तिघांचं नाव एकच, वारस दाखला. त्यांनी तिला एका कोऱ्या कागदावर लिहून दिलं, जमीन असेल तर ही वही, पैसे असतील तर ती वही. बास. तो कागद तिने म्हणे पिशवीत प्लॅस्टिकमध्ये घालून ठेवला होता, पुढे दोन वर्षांनी दीर गेला तेव्हा परत तोच काढला.

दुसऱ्या दिवशी मी फोन केला तेव्हा सर्टिफिकेट हा शब्दच काढला नाही. शून्य दाबलं, ऑपरेटरला विचारलं, माणूस गेल्यावर त्याचं मृत्युपत्र आणि मागची मालमत्ता ही नोंद तुमच्याकडे कोण ठेवतं? ती लगेच म्हणाली, ओह हनी, रजिस्टर ऑफ विल्स. जोडून देते.

गंमत बघा, रजिस्टर हे इथे वहीचं नाव नाही, त्या अधिकाऱ्याचं पदनाम आहे. माणूसच रजिस्टर. रात्री अण्णांना सांगितलं तर ते एवढे खूश झाले की त्यांनी आईला हाक मारून ऐकवलं. पण पुढचं पटलं नाही त्यांना. म्हणजे हे पद निवडणुकीने भरतात, प्रोथोनोटरी पण, रेकॉर्डर ऑफ डीड्स म्हणजे आपल्या भाषेत दुय्यम निबंधकासारखा तो पण, चार-चार वर्षांसाठी, काही थोड्या काउंट्यांनी ही पदं मोडीत काढली ती सोडून. मी दर चार वर्षांनी घराबाहेर लावलेल्या पाट्या बघते, अमक्याला रजिस्टर ऑफ विल्स करा, आणि मला कधी वाटलं नव्हतं की हा माणूस नक्की करतो काय. "निवडून येतो? मग त्याची बदली कशी करतात?" अण्णांनी विचारलं. नाही करत. "मग वचक कसा राहतो?" याच्यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं, विषय बदलला.

तर शॉर्ट सर्टिफिकेट. त्याचा मृत्यूच्या दाखल्याशी काही संबंध नाही. मृत्यूचा दाखला राज्याचं आरोग्य खातं देतं, १९०६ पासूनच्या नोंदी राज्याकडेच आहेत, काउंटीत मागून उपयोग नाही. शॉर्ट सर्टिफिकेट म्हणजे एका पानाचा कागद, की अमुक व्यक्तीला या मयताच्या मालमत्तेचा कारभार बघायचा अधिकार आम्ही दिलेला आहे आणि तो अजून चालू आहे. मूळ अधिकारपत्र असतं त्याला लेटर्स म्हणतात, त्याचा हा छोटा दाखला, म्हणून शॉर्ट. पेनसिल्व्हेनियाच्या बाहेर बहुतेकांना हा शब्द माहीत नाही, कॅलिफोर्नियातल्या मुलीने तिच्या ओळखीच्या वकिलाला विचारलं तर तोही म्हणाला हे काय असतं.

घराचा प्रश्न नव्हता. नवरा-बायकोच्या दोघांच्या नावावर घर असलं की एक गेल्यावर ते आपोआप दुसऱ्याचं होतं, त्यासाठी या दारात यावं लागत नाही. अडलं होतं ते काकांच्या एकट्याच्या नावावरच्या एका जुन्या खात्यापाशी, आणि काही शेअर. फोनवरच्या बाईंनी विचारलं, मृत्युपत्र आहे का?

काकू म्हणाल्या, आहे. पण ते मराठीत आहे.

दोन पानं. रेघांच्या वहीतली, मागे डाव्या बाजूला फाडल्याची दातेरी कड. पहिल्या ऑपरेशनच्या आदल्या रात्री लिहिलेलं. साक्षीदार कोणी नाहीत. सही मराठीत, ती मंडळाच्या पावतीवरची. मधलं एक वाक्य असं: 'माझ्या मागे सगळं हिचं, आणि सगळं हिनेच बघावं.' हिचं म्हणजे कोणाचं ते मात्र वर संपूर्ण नावानिशी लिहिलेलं, इंजिनियर माणूस.

मी गृहीतच धरलं की हे चालणार नाही. मी काकूंना हळूच समजावायला पण लागले की काही हरकत नाही, मृत्युपत्र नसलं तरी कायद्याने काही ठरलेलं असतं, मूल दोघांचंच असेल तर पहिले तीस हजार डॉलर आणि उरलेल्यातलं अर्धं बायकोला. काकूंनी मला मध्येच थांबवलं. "चालतं का नाही ते तू ठरवू नकोस. त्यांना विचार."

विचारलं. इथे एक शिकले ते सांगून ठेवते, कोणाला उपयोगी पडलं तर पडलं. काउंटरवरच्या लोकांना 'मी काय करू' विचारलं की ते म्हणतात आम्ही कायदेशीर सल्ला देऊ शकत नाही, आणि खरंच देऊ शकत नाहीत, त्यांना मनाई असते. तोच प्रश्न 'असा कागद दाखल करायला तुमच्याकडे काय काय जोडावं लागतं' असा विचारला की धडाधड यादी येते. मृत्युपत्र मूळच, कॉपी नको. भाषांतर, आणि भाषांतर करणाऱ्याचं शपथपत्र. आणि साक्षीदारांच्या सह्या नसल्या तरी या राज्यात मृत्युपत्र बाद होत नाही, फक्त ती सही आणि ते अक्षर त्यांचंच आहे असं शपथेवर सांगणारी दोन माणसं हवीत. ज्यांनी सही करताना बघितलं नाही पण ज्यांना अक्षर ओळखू येतं अशी. त्याचा छापील फॉर्मच आहे.

अक्षर ओळखणारी माणसं! आमच्या ग्रुपवर शंभर सव्वाशे निघाली असती. मी आणि मंडळाचे माजी खजिनदार, असे दोघं ठरलो.

भाषांतर मराठी शाळा चालवणाऱ्या माझ्या मैत्रिणीने केलं. पान दीड पान मजकूर, पण तिचा रात्री साडेअकराला फोन. बघावं ला काय लिहू? बघणे म्हणजे डोळ्यांनी बघणे होईल, काळजी घेणे म्हटलं तर आजाऱ्याची घेतात तशी वाटते, आणि एक्झिक्युटर, म्हणजे मृत्युपत्राप्रमाणे कारभार बघणारा, असं लिहिलं तर मी भर घातली असं होईल, त्यांनी तसा शब्द वापरलेला नाही. आपण दिवसातून किती वेळा म्हणतो, तू बघ गं जरा, मी बघते, तो बघून घेईल. पैसा, पाहुणे, गॅस, मूल, सगळ्याला एकच क्रियापद. शेवटी तिने 'सगळा कारभार हिने सांभाळावा' या अर्थाचं इंग्रजी लिहिलं आणि शपथपत्रावर सही केली. सही करताना हात थरथरला म्हणाली, इतक्या वर्षांत मराठीसाठी पहिल्यांदाच नोटरीपुढे उभी राहिले.

मग आम्ही गेलो. दारात मेटल डिटेक्टर, शेरीफचे डेप्युटी. काकूंची पर्स मशीनमधून गेली आणि थांबली, परत मागे आली, परत गेली. डेप्युटीने आतून काढला तो अडकित्ता. पितळी, मोराच्या आकाराचा, काकूंच्या सासूबाईंचा. त्याने तो उलटा-सुलटा करून बघितला, उघडला, मिटला, आणि विचारलं हे काय आहे. मी सुपारी समजावायला गेले, नट, जेवल्यावर, कापायचं. काकू मध्येच शुद्ध इंग्रजीत म्हणाल्या की हा माझ्या सासूचा आहे आणि तुम्ही तो ठेवून घेणार असाल तर मला पावती द्या. त्याने खरंच दिली. टॅगवर वर्णनाच्या जागी लिहिलं, नटक्रॅकर, बर्ड.

आत गेल्यावर दारावर दोन पाट्या. एकीवर रजिस्टर ऑफ विल्स. दुसरीवर क्लार्क ऑफ द ऑर्फन्स कोर्ट, म्हणजे शब्दशः अनाथांच्या कोर्टाचा कारकून. हे असंच जुनं नाव आहे, हे राज्य वसवणाऱ्या विल्यम पेनच्या काळापासून चालत आलेलं, अनाथ म्हणजे आईबाप नसलेलाच असं नाही, ज्याला कोणाचं तरी संरक्षण लागतं तो. इस्टेटी, पालकत्व, दत्तक ही प्रकरणं त्यांच्याकडे. आणि, हे मला माहीत नव्हतं, लग्नाची लायसन्सही. पेनसिल्व्हेनियात १८८५ पासून लग्नाचं लायसन्स काउंटीच्या याच दारात मिळतं. आमच्या काउंटीत दोन्ही पदं एकाच माणसाकडे, आणि काउंटरही एकच.

त्यामुळे बाहेरच्या बाकावर आमच्या शेजारी एक पोरगा-पोरगी बसले होते, विशी-बाविशीतले. तिच्या हातात मॅकडोनल्ड्सचं कोल्ड्रिंक. तो फॉर्म भरत होता आणि तिला विचारत होता तुझ्या आईचं माहेरचं आडनाव काय, आणि तिला स्पेलिंग येत नव्हतं, मग दोघं हसत सुटले. त्यांच्या पलीकडे एक म्हातारा, मांडीवर मोठा पिवळा लिफाफा. काकू पोरीकडे बघत होत्या. मला वाटलं त्यांना त्रास होईल, म्हणून मी उगाच पाण्याचं विचारलं. तर हळूच मला म्हणाल्या, "तीन दिवस थांबावं लागतं लायसन्स मिळायला. भिंतीवर लिहिलंय. एवढा वेळ आहे तर स्पेलिंग विचारून घे म्हणावं आईला."

नंबर आला. काउंटरवरच्या बाई साठीच्या असाव्यात, चष्मा साखळीला. त्यांनी मृत्युपत्र हातात घेतलं, आणि मी बघत होते, त्यांनी आधी भाषांतर बघितलंच नाही. मूळ पानांवरून नजर फिरवली, ओळींवरून, शिरोरेषेवरून बोट न टेकवता बोट नेलं. सुंदर अक्षर आहे म्हणाल्या. मग म्हणाल्या की इंग्रजी नसलेलं मृत्युपत्र त्यांच्या हातात बऱ्याच वर्षांनी आलं, पण खाली जुन्या दप्तरात जर्मनमधली कितीतरी आहेत. अठराव्या शतकात इथे आलेले शेतकरी जर्मनच बोलायचे, लिहायचे, आणि मरतानाही जर्मनमध्येच लिहून ठेवायचे, गाय कोणाला, नांगर कोणाला, म्हातारीला स्वयंपाकघराजवळची खोली. भाषांतर शेजारी जोडून तीही याच रजिस्टरला लागलेली आहेत.

एकदाच त्या अडखळल्या, 'कारभार सांभाळावा' इथे. एक्झिक्युटर शब्द नाही. आत जाऊन कोणालातरी दाखवून आल्या. ती दहा मिनिटं मला फार लांब वाटली. खजिनदार भिंतीवरचं फीचं कोष्टक वाचत होते, सवय. वारसाकर पण इथेच भरायचा असतो, बायकोला शून्य टक्के, एकविसाच्या वरच्या मुलांना साडेचार, भावंडांना बारा, बाकीच्यांना पंधरा, आणि तीन महिन्यांत भरला तर पाच टक्के सूट, हे त्यांनी मला सगळं मोठ्याने वाचून दाखवलं. म्हणाले, मंडळाच्या वर्गणीला अशी सूट ठेवायला पाहिजे होती.

बाई परत आल्या. ठीक आहे म्हणाल्या.

मग शपथ. उजवा हात वर. इथे शपथ घेता का प्रतिज्ञा करता असं दोन्ही विचारतात, पेन स्वतः क्वेकर या ख्रिस्ती पंथाचा, आणि क्वेकर लोक देवाची शपथ घ्यायचे नाहीत, म्हणून ही सोय अजून आहे. माझ्यासमोर ती दोन पानं ठेवली. मला विचारलं, मयताचं अक्षर आणि सही तुम्हाला परिचयाची आहे का? खाली ती सही. ळ ची जादाची गाठ. मला एकदम ती यादीच दिसली, 'कोशिंबीर (कमी तिखट)', आणि घसा असा दाटून आला की 'येस' चा आवाजच निघेना. बाई थांबल्या. घाई केली नाही. मागे तो पोरगा-पोरगी अजून हसत होते कशालातरी. मी दुसऱ्यांदा म्हणलं तेव्हा ऐकू गेलं.

मग काकूंची शपथ, मग शिक्के, मग प्रिंटरचा आवाज. वर्तमानपत्रात तीन आठवडे जाहिरात द्यावी लागेल, काउंटीच्या लीगल जर्नलमध्येही, वगैरे वगैरे सांगितलं, ते माझ्याकडे लिहिलेलं आहे, कोणाला हवं असेल तर विचारा. शेवटी बाईंनी विचारलं, शॉर्ट सर्टिफिकेट किती देऊ?

मी म्हणलं पाच. काकू म्हणाल्या, "सहा. एक घरात राहू दे."

बाहेर येताना अडकित्ता परत घेतला, सही करून. गाडीत बसल्या बसल्या अण्णांचा मेसेज, काय झालं. तिकडे मध्यरात्र उलटून गेलेली, म्हणजे जागेच होते. मी फोन लावला, झालं म्हणून सांगितलं.

"नोंद नंबर घेतलास का लिहून?"

फाइल नंबर असतो, वर्ष आणि पुढे आकडे, प्रत्येक कागदावर वर छापलेला. मी वाचला. त्यांनी तो मराठीत परत म्हणून दाखवला, एकेक आकडा सुटा, कचेरीत समोरच्याकडून खात्री करून घेतात तसा. मग मला परत वाचायला लावला.

"शिक्का नीट उमटलाय का? शाईचा आहे का दाबाचा?"

मी बघितलं, दाबाचा होता, पांढऱ्यावर पांढरा, दिसतच नव्हता नीट. मी म्हणलं कळत नाही हो अण्णा.

"बोट फिरवून बघ."

काकूंनी माझ्या हातातून कागद घेतला, काचेकडे धरला, आणि कोपऱ्यावरून अंगठा फिरवला, सावकाश, गोल.

"उमटलाय म्हणावं," त्या म्हणाल्या.